होऊन राहिलं

कुरामोची बुटीबोरीला पहिल्यांदा आला तेव्हा
त्याच्याजवळ एक बॅग होती
अन् एक लांब स्क्रू-ड्रायव्हर.
टोक ग्राइंडिंग मशीनच्या पोटावर टेकवायचा,
मूठ कानामागच्या हाडाला,
अन् डोळे मिटून उभा.
आम्ही गेज रूमच्या काचेतून पाहायचो.
बाहेर मे महिना, सत्तेचाळीस.
आत वीस, एकही अंश इकडेतिकडे नाही,
कारण उन्हात लोखंड फुगते
अन् फुगलेलं लोखंड खोटं बोलते.

अख्ख्या प्लांटात थंडावा तेवढ्याच खोलीत,
तरी तो जेवायला कडुनिंबाखाली बसायचा,
ठोंबरेच्या डब्यातलं सावजी चाखत.
डोळ्यांतून धारा,
हात पुन्हा डब्यात.

मी एकदा विचारलं,
तुमच्या तर घरोघरी बुद्ध असतील?
म्हणाला, आम्ही देवळात जातो
ते कोणी मेल्यावर.
दसऱ्याला त्याला दीक्षाभूमीवर नेलं.
स्तूपापेक्षा जास्त वेळ तो
पुस्तकांच्या पालांपुढे थांबला.
एक म्हातारी, पायात चप्पल नाही,
पदराची गाठ सोडून पुस्तकाचे पैसे मोजत होती.
त्यानं वही काढली, पण लिहिलं काहीच नाही.

मराठी तो आमच्याकडून शिकला,
म्हणजे नागपूरची.
पार्ट आला का? येऊन राहिला.
मशीन सुरू झाली का? होऊन राहिलं, साहेब.
एक दिवस त्यानं मला अडवलं :
राहणं म्हणजे घर करणं ना?
मग काम होऊन
कुठं राहते?
मी हसले. उत्तर मला आजही येत नाही.

मग तो वर गेला.
आधी जिन्यानं, काचेच्या केबिनमध्ये,
मग विमानानं.
कंपनीच्या वार्षिक अहवालात त्याचा फोटो यायचा :
पान एकेचाळीस, घोळक्यात, डोळे अर्धे मिटलेले.
काही वर्षांनी पान सतरा, टाय.
मग पान तीन. एकटा. हाताची घडी.
मी हेल्परची इन्स्पेक्टर झाले,
इन्स्पेक्टरची सीनियर इन्स्पेक्टर,
सव्वीस वर्षं
त्याच वीस अंशांत.
मे महिन्यातही स्वेटर घालणारी बाई म्हणून
मोहल्ल्यात माझी ओळख.

परवाच्या जानेवारीत तो आला.
पांढरं हेल्मेट, एक ओरखडा नाही.
उजव्या कानात मसुराच्या दाण्याएवढं यंत्र.
पडद्यावर आकडे फिरले,
लाइन दोन लाल रंगात.
त्यानं लाल रंगावर बोट ठेवलं नाही,
ठेवायची गरज नव्हती.

जाताजाता चार नंबरच्या मशीनपाशी थांबला.
मागचा अख्खा ताफा थांबला.
ठोंबरेच्या पोरानं, तो आता फिटर आहे,
खिशातून स्क्रू-ड्रायव्हर काढून पुढे केला.
कोणी सांगितलं नव्हतं त्याला.
कुरामोचीनं हेल्मेट काढलं,
कानातलं यंत्रही काढून तळहातावर ठेवलं,
अन् मूठ लावली हाडाला.
हाडाला अजून ऐकू येते म्हणतात,
कान गेले तरी.

बराच वेळ.
सेक्रेटरीनं दोनदा घड्याळ पाहिलं.

मग म्हणाला, स्पिंडलचं मागचं बेअरिंग.
दोन महिने चालेल, फार तर.

लाइन सहा आठवड्यांतच बंद झाली.
बरोबर होता का चुकला,
कळायला वाव राहिला नाही.

फाटकाशी ठोंबरेच्या पोरानं गाडीची काच वाजवून विचारलं,
बेचाळीस माणसं आहेत साहेब, त्यांचं काय?
दुभाष्या तोंड उघडणार
तर कुरामोचीनं हात वर केला,
अन् आमच्याच बोलीत,
एकही काना-मात्रा न चुकवता, म्हणाला :
होऊन राहिलं.

पोट्टे आजही त्याची नक्कल करतात चहाच्या टपरीवर.
मी हसत नाही.
मायक्रॉनमध्ये मोजायची सवय आहे मला,
अन् त्या दोन शब्दांत
किती खोट होती, किती लाज,
ते मोजायचं गेज
आमच्या खोलीत नव्हतं.